न आलेल्या माणसाची नोंद

माझं काम सर्व्हर चालू ठेवण्याचं. एखादा सर्व्हर मिनिटभर गप्प झाला तरी मध्यरात्री माझा फोन वाजतो. पण आमच्या बिल्डिंगचे रात्रपाळीचे वॉचमनकाका येत नाहीयेत, हे मला नवव्या दिवशी कळलं. तेही नवीन माणसाने गेटवर फ्लॅट नंबर विचारला म्हणून. गणवेश तोच, खुर्ची तीच. चेहरा मी पाहिलाच नव्हता.

काका डहाणू तालुक्यातल्या रानशेतचे. २०१३ पासून लोकल डहाणू रोडपर्यंत जाते खरी, पण बारा तासांची ड्युटी करून रोजची ये-जा जमत नाही. म्हणून नालासोपाऱ्यात भाड्याची खोली. परत आल्यावर म्हणाले, ताप होता. चार दिवस खोलीत एकटेच पडून होते, मग कसेबसे गावी गेले.

"घरी फोन नाही केला?"

"केला असता तर बायको आवणी टाकून धावत आली असती."

एजन्सीने पहिल्याच रात्री बदली माणूस पाठवला होता. गेट उघडत राहिलं. कुणाचंच काही अडलं नाही.

गिरणगावातही एकटे पुरुष होतेच. कोकणातून, घाटावरून आलेले, एका खोलीत पाळीपाळीने झोपणारे. पण ते जेवायला खाणावळीत जायचे. तिथली बाई महिन्याचा हिशेब ठेवायची. आज कोण जेवायला आलं नाही, हे तिला आपोआप कळायचं. प्रेमा पुरव यांनी १९७५ मध्ये अशाच बायकांना एकत्र करून अन्नपूर्णा महिला मंडळ उभं केलं. त्या बायका काही समाजसेवा करत नव्हत्या, पोट भरत होत्या. तरी माणसाची नोंद राहायची.

कोणी म्हणेल, शहरात माणूस अनोळखी राहायलाच येतो. पाड्यावर सगळ्यांना सगळं माहीत. इथे कोणी विचारत नाही, हेही सुखच. मान्य. पण एकटं राहणं हा हक्क आहे आणि आजारी पडल्याचं कुणाच्या लक्षातही न येणं ही उपेक्षा आहे. बाहेरून दोन्ही सारखंच दिसतं. आपण सोयीने उपेक्षेलाच 'प्रायव्हसी' म्हणतो.

काकांना माझी दया नको होती. ते आले नाहीत, हे कुणाला तरी कळायला हवं होतं, एवढंच.

मी त्यांचा नंबर मागितला. त्यांनी दिला, माझा घेतला आणि विचारलं, "साहेब, तुमचं इथं कोण आहे?"

मला पटकन एकही नाव सांगता आलं नाही.