मंडल पंचायत आणि शेजारधर्म

ज्या राज्याला आपल्याला जोडले गेले, ती जोडणीच मनाला मान्य नसेल, तर त्या राज्याने उभारलेल्या संस्थेसाठी मत द्यावे की नाही? इतरत्र हा प्रश्न केवळ तात्त्विक ठरेल. आम्हा सीमाभागातल्या माणसांच्या दारात मात्र तो १ नोव्हेंबर १९५६ पासून उभा आहे. जानेवारी १९८७ मध्ये कर्नाटकात मंडल पंचायतींची पहिली निवडणूक झाली, तेव्हा तो नव्या रूपात आला.

वाचकांना तो काळ आठवत असेल. अशोक मेहता समितीने १९७८ साली मंडल पंचायतीची कल्पना मांडली होती. रामकृष्ण हेगडे यांच्या सरकारने १९८३ चा कायदा करून ती कर्नाटकात उतरवली. पंचायत खाते अब्दुल नझीर साब यांच्याकडे होते. खेडोपाडी कूपनलिका पाडून पाणी दिले म्हणून लोक त्यांना ‘नीरसाब’ म्हणत. जुन्या ग्रामपंचायतींच्या जागी काही गावांचे मिळून एक मंडल झाले, वर जिल्हा परिषद आली, आणि स्त्रियांसाठी चौथा हिस्सा जागा राखून ठेवल्या गेल्या. त्र्याहत्तरावी घटनादुरुस्ती तेव्हा अजून सहा वर्षे दूर होती.

पण आमच्याकडे हवा वेगळी होती. जून १९८६ च्या कन्नडसक्तीविरोधी आंदोलनात बेळगाव परिसरात गोळीबार होऊन माणसे गेली होती. त्या जखमा ओल्या असतानाच, सात महिन्यांनी, मतपेट्या गावात आल्या. निपाणी भागातल्या आमच्या गावी चावडीसमोर दोन मते पडली. एक पक्ष म्हणे, मत दिले म्हणजे हे राज्य पत्करले. दुसरा म्हणे, मत द्यायचे, पण मराठीलाच. गटार आणि दिवाबत्ती मागाहून.

पहिल्या मताला उत्तर आमच्याच इतिहासाने दिले आहे. महाराष्ट्र एकीकरण समितीने १९५७ पासून विधानसभेच्या निवडणुका लढवल्या, आमदार निवडून बंगळूरला पाठवले, आणि मतपेटीतूनच लोकेच्छा दाखवली. मत देणे म्हणजे हक्क सोडणे नव्हे. भाडेकरूने घराच्या मालकीचा दावा कोर्टात चालू ठेवावा आणि त्याच वेळी गळणारे छप्परही शाकारावे, यात विसंगती कसली? दाव्याचा निकाल लागेपर्यंत पावसाळा थांबत नाही.

दुसरे मत अधिक विचार करायला लावते. विधानसभेला दिलेला कौल सबंध देशाने ऐकावा म्हणून असतो. मंडल पंचायतीला सीमा हलवण्याचा अधिकार नव्हता. तिच्या हाती पाणी, रस्ते, दिवाबत्ती, स्वच्छता एवढेच होते. शिवाय ज्या वॉर्डात सगळेच उमेदवार मराठी, तिथे भाषेच्या नावाने मत मागणाऱ्याने नेमके काय मागितले? आपल्याला काही विचारू नका, एवढेच. भाषेचा अभिमान हा कामाचा हिशेब चुकवण्याचा आडोसा झाला, तर नुकसान भाषेचेच होते.

आता मुख्य मुद्दा. सीमाप्रश्नावरची आपली मागणी ‘खेडे हा घटक’ या तत्त्वावर उभी आहे. त्यासोबत भाषिक बहुसंख्या, भौगोलिक सलगता आणि लोकेच्छा. यामागचा विचार असा की, राज्य मोठे असले तरी त्यातल्या लहान गावाचा आवाज मोठ्या संख्येखाली दडपला जाऊ नये. हा विचार न्याय्य आहे. पण न्याय्य विचार गावाच्या वेशीपाशी थांबत नाही. राज्यात आपण अल्पसंख्य, पण आमच्या मंडलात आपण बहुसंख्य होतो. म्हणजे बंगळूरकडून आपण जे मागत होतो, तेच आपल्याकडून मागू शकेल असा कोणीतरी गावात होताच.

त्या पहिल्या मंडलात मी शिक्षक म्हणून बैठकींना अधूनमधून जात असे. मला कानडी वाचता येई, म्हणून बोलावणे येई. राखीव जागेवरून आलेल्या एक अक्का होत्या, विडीकामगार. चर्चा मराठीत व्हायची, पण प्रोसिडिंग बुक कानडीत. सही करण्यापूर्वी त्या वही माझ्यापुढे सरकवून म्हणत, “गुरुजी, ह्यात काय लिवलंय ते एकदा वाचून दावा की.” त्यांच्या पलीकडे मंडलातले एकमेव कानडी सभासद बसत. त्यांना वही वाचता येई, पण भरभर चाललेली मराठी चर्चा कळत नसे. एकीला लिहिलेले कळेना, दुसऱ्याला बोललेले. दोघांनीही त्याच पानावर सह्या केल्या. पुढे अक्कांनीच सभेत सांगितले, “ह्यांच्या गल्लीच्या नळकोंडाळ्याचा विषय आज घ्यायचा, आन् ह्यांना कळंल असं बोलायचं.” त्या दिवसापासून प्रत्येक ठराव दोन्ही भाषांत सांगायची रीत पडली. कायद्याने तसे सांगितले नव्हते.

कोणी विचारील, समोरचा तसे वागत नसताना आपणच का वागायचे? कारण हा सौदा नाही. भाषा हा हक्क आहे असे आपण म्हणतो, आणि हक्क परतफेडीच्या अटीवर मिळत नसतो. अट घातली की ती सवलत होते, आणि सवलत देणारा ती काढूनही घेऊ शकतो. कानडी शेजाऱ्याला त्याच्या भाषेत कळवणे ही आपली उदारता नव्हे. ते आपल्याच मागणीचे पालन आहे.

पुढचा इतिहास सर्वांना ठाऊक आहे. मंडले गेली, १९९३ च्या कायद्याने ग्रामपंचायती आल्या. २००५ साली बेळगाव महापालिकेने महाराष्ट्रात सामील होण्याचा ठराव केला, तेव्हा सरकारने ती बरखास्त केली. राज्यातल्या जिल्हा आणि तालुका पंचायतींची मुदत २०२१ मध्ये संपली आणि पुढे कित्येक वर्षे तिथे प्रशासकच राहिले. सभागृह बंद झाले की मराठी गल्लीतला नळ आणि कानडी गल्लीतला नळ सारखाच कोरडा पडतो. विचारायला जावे असा माणूस दोघांनाही उरत नाही.

सर्वोच्च न्यायालयात २००४ साली दाखल झालेल्या दाव्याचा निकाल न्यायालय देईल. तिथे नकाशे, जनगणना आणि जुने दस्तऐवज बोलतील. आपल्या मागणीमागचे नीतिबळ मात्र वकिलाला उभे करता येत नाही. ते पंचायतीच्या सतरंजीवर तयार होते, जिथे आपल्या हाती संख्या असते आणि समोर एकटा शेजारी बसलेला असतो. महाराष्ट्रात जाण्याचा हक्क सांगणाऱ्या गावाने महाराष्ट्र कसा असावा, हेही तिथेच दाखवायचे असते.