दोन थपडा

काही वर्षांपूर्वी माझ्या वर्गात एका मुलाची कंपासपेटी हरवली. त्याच्या शेजारी बसणारा मुलगा मान खाली घालून उभा राहिला. मला तेवढा पुरावा पुरला. मी त्याला एक थप्पड दिली आणि न्याय केल्याच्या समाधानात पुढचा धडा सुरू केला. तिसऱ्या दिवशी पेटी कपाटामागे सापडली. मी त्या मुलाची क्षमा मागितली. पण मनावरचे ओझे काही उतरले नाही.

त्या ओझ्याची आठवण मला अलीकडे एका हंगेरियन नटाने करून दिली, आणि योगायोग असा की त्याचे नावही लायोश ओझे! १९३५ साली जन्मलेला हा नट १९८४ साली, पन्नाशीही न गाठता गेला. बुडापेस्टच्या राष्ट्रीय नाट्यगृहात त्याने कामे केली. चित्रपटात आणि टेलिव्हिजनवरही तो दिसे. नायकाचे देखणेपण त्याला लाभले नव्हते. किरकोळ अंगाचा, सुकलेल्या चेहऱ्याचा हा माणूस दुसऱ्यांच्या गोष्टीत येऊन उभा राही.

पेतर बाचो यांच्या १९६९ सालच्या ‘साक्षीदार’ या चित्रपटात तो सरकारी अधिकारी झाला आहे. डॅन्यूबच्या बांधावरच्या एका भोळ्या राखणदाराला तो गोड बोलून एकामागून एक मोठ्या जागा देतो. कशासाठी, तर जुन्या मित्राविरुद्ध त्याने खोटी साक्ष द्यावी म्हणून! तो कधी हात उगारत नाही. हा चित्रपट सुमारे दहा वर्षे लोकांपासून दूर ठेवण्यात आला, यात नवल ते काय?

झोल्तान फाब्री यांच्या १९७६ सालच्या ‘पाचवी मुद्रा’ या चित्रपटात तोच नट घड्याळजी आहे. १९४४ सालचे बुडापेस्ट. घड्याळजी गुत्त्यात मित्रांना कोडे घालतो: पुढल्या जन्मी निर्दय राजा व्हाल, की त्याचा छळ सोसणारा निष्पाप गुलाम? दुसऱ्या दिवशी सगळे पकडले जातात. हुकूम होतो: समोर टांगलेल्या मरणोन्मुख माणसाला दोन थपडा मारा, म्हणजे सुटाल. मित्रांच्याने ते होत नाही. घड्याळजी मात्र मारतो. कारण त्याच्या घरी आईबापांवेगळी झालेली मुले लपवलेली आहेत. तो मेला तर त्यांना कोण?

वाचकहो, त्या घड्याळजीला पुण्यवान म्हणावे की पापी? मी पुष्कळ विचार केला. ज्याला मारले, त्याला तर त्या थपडा लागल्याच. मुलांचे नाव सांगून त्या पुसता येत नाहीत. घड्याळजीलाही ते ठाऊक आहे. बाहेर पडताना त्याच्या चेहऱ्यावर सुटकेचा आनंद नाही. आपले निर्मळपण त्याने मुलांसाठी खर्च करून टाकले आहे.

माझी थप्पड एकच होती, आणि ती मारताना मला स्वतःचे निर्मळपण जपायचे होते. मला वाटते, फरक इथेच आहे. सत्कृत्य केल्याचे सुख लगेच मिळू लागले, की माणसाने जरा थांबून पाहावे.

आता वर्गात एखादा मुलगा मान खाली घालून उभा राहिला, की मी खडू खाली ठेवतो आणि त्याच्या बाकावर जाऊन बसतो. बोलायला त्याला वेळ लागतो. धडा मागे पडतो. पडू दे.