स्वभाव म्हणे

"तिचा स्वभावच तसा आहे हो, मनात काही नसतं तिच्या." शनिवारच्या पालकसभेत हे ऐकलं आणि मला बसवेना. मैत्रिणींनी ग्रुपमधून काढलेल्या एका मुलीची बातमी तिथल्या सगळ्यांनी वाचली होती. सभेआधी तिच्यावर हळहळूनही झालं होतं. आणि मग दुसरीला बाहेर ठेवणाऱ्या मुलीबद्दल हे वाक्य!

बहिणीला रजा नव्हती म्हणून भाचीच्या सभेला मी गेले होते. तीन आठवडे भाचीचा डबा भरलेला परत येतो आहे. मुलांचं मन कळायला प्रगतिपुस्तकाआधी डबा उघडावा, हे मी इथे अनेकदा लिहिलं आहे. परवा उघडला तर पोळीच्या गुंडाळीवरचा कागदसुद्धा सुटलेला नव्हता.

स्वभाव म्हणे! मग बाई वर्गात आल्या की तो कुठे जातो? मधल्या सुट्टीतच का उगवतो? घरी येऊन 'काकू, बऱ्या आहात ना?' विचारणारी मुलगी शाळेच्या जिन्यात त्याच काकूंच्या लेकीला 'आज तू आमच्यात नाहीस' सांगते. का, ते सांगत नाही. दुसऱ्या दिवशी गणिताची वही हवी असली की तिच्याच गळ्यात हात टाकते. विसराळू माणूस सगळीकडे विसरतो, तापट माणूस साहेबासमोरही कधीतरी तापतो. समोर कोण आहे ते बघून जे बदलतं, तो स्वभाव कसला? मुलगा कामावर गेल्यावरच सुनेला टोचणाऱ्या सासूलाही आपण 'स्वभाव' म्हणूनच सोडत आलो, आणि ते किती सुनांनी सोसलं हे घराघरात ठाऊक आहे.

'आमच्या वेळीही होतं' असंही कुणी म्हणालं. आमच्या वेळी कट्टी होती. ती तोंडावर सांगितली जायची आणि बट्टीही व्हायची. इथे कट्टी झाल्याचं कुणी सांगतच नाही. पोरगी रोज सकाळी दप्तर भरताना अंदाज बांधत असते, आज मी आत की बाहेर.

शॅनन हेल यांच्या 'रिअल फ्रेंड्स' (२०१७) या चित्रकादंबरीत हेच आहे. अमेरिकेतल्या सॉल्ट लेक सिटीत गेलेल्या स्वतःच्या बालपणाची ही गोष्ट, चित्रं लेविन फाम यांची. लहानग्या शॅननची जिवाभावाची मैत्रीण एड्रियन ही जेन नावाच्या मुलीच्या 'द ग्रुप'मध्ये ओढली जाते. तिथे प्रत्येकीला जेनची पहिल्या नंबरची मैत्रीण व्हायचं असतं. मुली रांगेत उभ्या, पुढे जेन, तिच्यामागे तिच्या मर्जीच्या क्रमाने बाकीच्या. रांगेतली जागा टिकवायला काही जणी दुसरीला छळायलाही तयार. 'फ्रेंड्स फॉरेव्हर' (२०२१) या नंतरच्या भागात शॅनन आठवीत आहे आणि तिला नैराश्य आहे, पण त्याचं निदान झालेलं नाही. एकामुळेच दुसरं झालं असं मी म्हणणार नाही. मन इतकं सरळ हिशेबाचं नसतं. पण रोज आपला नंबर शोधत मोठ्या झालेल्या मुलीला 'माझ्यातच काहीतरी चुकतंय' असं वाटत राहिलं, तर त्यात नवल ते काय?

'आता कॉमिक वाचायचं का वय आहे?' असं म्हणून ही पुस्तकं दुकानात परत ठेवणारे पालक मी पाहिले आहेत. माझी भाची तीन आठवडे एक अक्षर बोलली नव्हती. रविवारी 'रिअल फ्रेंड्स'मधलं ते रांगेचं पान तिच्यासमोर ठेवलं. तिने बराच वेळ पाहिलं, मग रांगेतल्या शेवटच्या मुलीवर बोट ठेवलं. बोट तिथून हलेना. बोलायला तिच्याकडे शब्द नव्हते, चित्र होतं.

संध्याकाळी मी बहिणीला समुपदेशकाची वेळ घ्यायला लावली. तीही आधी 'एवढ्यासाठी?' म्हणालीच.

पुढच्या पालकसभेला मी ते पुस्तक घेऊन जाणार आहे. रांगेचं पान उघडून टेबलावर ठेवीन. आपली मुलगी त्यात कितवी, एवढं प्रत्येकाने सांगावं. सगळ्यात आधी त्या स्वभाववाल्या बाईंनी.