छाटणीचे पाप कोणाच्या माथी?

संत नामदेवांच्या बालपणाची एक आख्यायिका आहे. आईने झाडाची साल आणायला पाठवले. लहानग्या नाम्याने कुऱ्हाड चालवली, खोडातून चीक ओघळला आणि तो थबकला. घरी आल्यावर आईला त्याच्या पायावर जखम दिसली. झाडाला काय होत असेल, हे त्याने तीच कुऱ्हाड स्वतःच्या पायाला लावून पाहिले होते. परंपरा नामदेवांचे जन्मगाव मानते ते नरसी हिंगोली जिल्ह्यात आहे आणि सेनगाव तालुक्यातले पुसेगाव त्याच मुलखातले. तेव्हा पुसेगावच्या शाळेच्या आवारात किंवा देवळापुढे शोभेसाठी बहावा नाहीतर गुलमोहर लावायचा आणि पुढे त्याला करवत लावायची म्हटले, तर ही गोष्ट आडवी येणारच. तिचे तात्पर्य बहुधा ‘झाडाला हात लावू नये’ असे काढले जाते. मला ते घाईचे वाटते. कुऱ्हाड टाकून देऊन दया दाखवणे सोपे होते. मुलाने त्याआधी एक अवघड गोष्ट केली: घावाचा अर्थ काय, याची चौकशी केली. छाटणी ही हिंसा आहे का, या प्रश्नालाही हीच वाट घ्यावी लागते.

झाड सजीव आहे, याबद्दल आपल्या परंपरेत फारसा वाद नाही. महाभारताच्या शांतिपर्वात भरद्वाज शंका काढतो की झाडांना ऐकू येत नाही, दिसत नाही, मग त्यांच्यात जीव कसा? भृगू एकेक इंद्रिय घेऊन उत्तर देतो आणि शेवटी सांगतो की झाडाला सुखदुःख कळते आणि तोडलेला भाग पुन्हा फुटतो, म्हणून त्यात जीव आहे. हा पुरावा मोठा चमत्कारिक आहे. झाडाचे जिवंतपण इथे घावाला मिळालेल्या प्रतिसादावरून ठरते. पायाचे बोट तुटले तर ते पुन्हा येत नाही. तुरीचा शेंडा खुडला तर खालच्या डोळ्यांतून चार फांद्या येतात. मराठवाड्यातला शेतकरी पेरणीनंतर दीड महिन्याच्या आसपास तुरीचे शेंडे खुडतो, तेव्हा त्याला पाप लागले असे कोणी म्हणत नाही. शेंड्यातून उतरणारे संप्रेरक बाजूचे डोळे दाबून ठेवते आणि शेंडा गेला की ते मोकळे होतात, हे वनस्पतिशास्त्राने नंतर सांगितले. नामदेवाच्या पायाची आणि झाडाच्या फांदीची तुलना म्हणूनच अर्धीच खरी आहे. जीव दोघांतही आहे, पण देहाची रचना वेगळी.

बहाव्याचे बी पाहा. हात-दीड हात लांब काळी शेंग फोडली की आत नाण्यांसारखे पडदे, त्यांवर गोडसर काळा मगज आणि प्रत्येक कप्प्यात एक गुळगुळीत, तपकिरी, दगडासारखे कठीण बी. तसेच मातीत टाकले तर बरेचसे बी वर्षानुवर्षे निजून राहते, कारण त्या कवचातून पाणीच आत जात नाही. रानात माकडे, कोल्ही, अस्वले मगजासाठी शेंगा खातात आणि त्यांच्या पोटातून जाताना कवच झिजते. रोपवाटिकेत तेच काम उकळत्या पाण्याने किंवा खरखरीत कागदावर घासून करतात. म्हणजे या झाडाच्या आयुष्याची सुरुवातच कवचाला झालेल्या इजेपासून होते. इजा आणि हिंसा या दोन गोष्टी इथेच वेगळ्या होतात.

मग हिंसा नेमकी कुठे असते? जैन विचाराने याचे फार नेमके उत्तर दिले आहे. याच जिल्ह्यात शिरड शहापूरला मल्लिनाथांचे दिगंबर जैन क्षेत्र आहे. वनस्पतीला एकेंद्रिय जीव मानणारी ती परंपरा. तरीही उमास्वातींच्या तत्त्वार्थसूत्रात हिंसेची व्याख्या करताना नुसत्या प्राणहरणावर भागवलेले नाही, त्याचे कारण म्हणून प्रमाद, म्हणजे बेसावधपणा, सांगितला आहे. ही व्याख्या हाती घेऊन गावाच्या रस्त्यावरची झाडे पाहिली तर आरोपी बदलतो. विजेच्या तारेखाली गुलमोहर लावणारा, दुसऱ्या-तिसऱ्या वर्षी त्याला फुटलेला दुबेळका तसाच राहू देणारा आणि वीस वर्षांनी मांडीएवढी फांदी करवतीने उतरवणारा, यांत दोष कोणाचा? लोक करवतीवाल्याला नावे ठेवतात. मला पहिले दोघे जास्त दोषी वाटतात. बोटाएवढ्या जाडीचा फुटवा वेळेवर काढला असता तर जखम लवकर भरून गेली असती. तेव्हा ‘बिचारे, कशाला कापायचे’ म्हणून हात आवरला, त्याची किंमत झाडाने भरली.

अमेरिकी वनशास्त्रज्ञ अ‍ॅलेक्स शिगो यांनी हजारो झाडे चिरून हेच तपासले. झाडाची जखम आपल्या कातडीसारखी बरी होत नाही. झाड तो भाग आतून भिंती घालून बंद करते आणि वरून नवे लाकूड चढवते. फांदीच्या बुडाशी फुगीर वळी असते, तिच्या बाहेरून काप घेतला तर ही कोंडी जमते. वळीसकट खोडाला चिकटून कापले किंवा शेंडा सरसकट उडवला तर कुज खोडात उतरते. एकाच करवतीचे दोन काप, बोटभर अंतरावर. एक झाडाला पेलतो, दुसरा त्याला आतून पोखरतो.

यावर पहिला आक्षेप ठरलेला: रानात कोण छाटायला जाते? कोणी नाही, पण रानात शेजार असतो. दाटीत वाढणारे रोप उजेडासाठी सरळ वर जाते, सावलीतल्या खालच्या फांद्या आपोआप वाळून गळतात. आपण रोप एकटे, उघड्या उन्हात लावतो, मग ते खालूनच पसरते, दोन बुंधे करते आणि वादळात त्या बेचक्यातच फाटते. शेजार आपण काढून घेतला, तेव्हा शेजाऱ्याचे कामही आपल्याकडेच आले. बियापासून वाढवण्याचे महत्त्व मला इथे दिसते. नर्सरीतून डोक्याएवढे उंच रोप आणून खड्ड्यात बसवणाऱ्याला झाड म्हणजे एक वस्तू मिळते. बी रुजवणाऱ्याला पहिल्या फुलासाठी कित्येक वर्षे थांबावे लागते आणि तेवढ्यात कोणता डोळा कुठे फुटतो हे त्याच्या नजरेत बसते. अप्रमाद उपदेशाने येत नाही, तो असा येतो.

दुसरा आक्षेप जड आहे. तूर पोटासाठी खुडतो, शोभेच्या झाडाला कापण्याची गरज कोणती? केवळ डोळ्यांना बरे वाटावे म्हणून जिवावर शस्त्र? इथे मी अर्धी बाजू सोडून देतो. कुंपणाच्या झाडांचे हत्ती-मोर करणे किंवा कार्यक्रमाआधी फुलोऱ्यावर आलेली फांदी ‘नीट दिसत नाही’ म्हणून उतरवणे, याला माझ्याकडे समर्थन नाही. ते प्रमादाच्याच खात्यात जाते. गुरु ग्रंथसाहिबातल्या नामदेवांच्या एका पदात विचारले आहे की देवासाठी फुलांची माळ आणावी, तर भुंग्याने वास आधीच घेतलेला, मग पूजा कशाची करू? देवाच्याही आधी भुंग्याचा हक्क मानणाऱ्या या संताला आपली ‘शोभा’ हे कारण पुरेसे वाटले नसते. पण झाड उभे राहावे, मोडू नये, त्याने भुंग्यासाठी पन्नास वर्षे फुलावे यासाठी कोवळेपणी घेतलेला काप शोभेसाठी नसतो, ती नंतर आपसूक येते.

मनुस्मृतीत फळझाडे, वेली आणि फुललेल्या वनस्पती तोडल्याबद्दल शंभर ऋचांचा जप हे प्रायश्चित्त सांगितले आहे. त्या ग्रंथाशी माझे अनेक बाबतींत पटत नाही. इथे मात्र तोडणाऱ्याला काहीतरी देणे लागते, हा हिशेब मला मान्य आहे. आजच्या काळात ते देणे जपाने फिटणार नाही. बहावा वैशाखात फुलतो, त्याच दिवसांत कावळ्यांची घरटी फांद्यांवर असतात. फुलोरा सरेपर्यंत आणि पिल्ले उडेपर्यंत करवत बाजूला ठेवायची आणि नंतरही फांदीला हात घालण्याआधी ती खालून वरपर्यंत न्याहाळायची. या थांबण्याला कारण झाडाचे दुःख नाही. त्या फांदीवर राहणारे दुसरेही आहेत आणि त्यांना कोणी विचारलेले नाही.