गणवेशातल्या कॅमेऱ्याची साक्ष

सैन्याच्या पगारावरचा कॅमेरामन युद्धाचे जे चित्रण करतो, त्यावर विश्वास का ठेवायचा? त्याला धाडलेलेच असते आपल्या बाजूचा डंका वाजवायला. शंका रास्त आहे. ब्रिटिश लष्कराने 1941 मध्ये स्वतःचे चित्रपट व छायाचित्रण पथक उभे केले. सैनिकांना पाइनवुड स्टुडिओत शिकवून आघाडीवर पाठवले. त्यांच्या चित्रणातून अल-अलामेनच्या लढाईवर ‘डेझर्ट व्हिक्टरी’ निघाला, त्याला ऑस्करही मिळाले. पण तोफा धडाडण्याआधी अंधारात दबा धरून बसलेल्या सैनिकांचे त्यातले काही चेहरे वाळवंटातले नाहीत, पाइनवुडमधले आहेत. रात्रीच्या आघाडीवर चित्रण करणे अवघड, हे खरे. पण अडचण खरी असली म्हणून दृश्य खरे ठरत नाही.

याच पथकाची माणसे एप्रिल 1945 मध्ये बर्गन-बेल्सनच्या छळछावणीत पोचली. सुमारे 60 हजार कैदी आणि उघड्यावर पडलेली हजारो प्रेते. इथे काही रचायची गरजच नव्हती. पेच उलटा होता: समोरचे इतके अविश्वसनीय, की उद्या कुणीही त्याला बनाव म्हणावे. या चित्रणातून छळछावण्यांवर चित्रपट करू पाहणारे निर्माते सिडनी बर्नस्टाइन यांनी हा धोका वेळीच ओळखला. आसपासच्या जर्मन गावांतल्या प्रतिष्ठितांना छावणीत आणून खड्ड्यांपाशी उभे केले गेले, आणि तेही चित्रित झाले.

प्रेतांचा एक शॉट, महापौरांचा दुसरा, असे जोडले तर प्रेक्षकाला जोडणाऱ्यावर भरवसा ठेवावा लागतो. कॅमेरा न थांबता चेहऱ्यांवरून खड्ड्याकडे वळला, तर कात्रीला शिरायला जागाच उरत नाही. संकलनाच्या वेळी सल्लागार म्हणून आलेल्या आल्फ्रेड हिचकॉकने अशाच लांब, सलग शॉट्सचा आग्रह धरला. कात्रीच्या करामतीवर प्रेक्षकांना धडकी भरवणारा हा माणूस, इथे मात्र कात्री बाजूला ठेवा म्हणाला!

दुसरा आधार कागदाचा. कॅमेरामन रिळासोबत डोप शीट पाठवत: तारीख, ठिकाण, चौकटीत कोण आहे. चित्रण बहुतेक मुके असल्याने या कागदाविना प्रेत कुठले, रक्षक कोण, हे सांगणार कोण? माझ्या मते कॅमेऱ्याइतकीच ही रुक्ष टिपणे मोलाची.

जर्मनीविषयीचे धोरण बदलत गेले आणि बर्नस्टाइन यांचा हा चित्रपट 1945 मध्येच बासनात गेला. सहावे रीळ अपुरे राहिले होते. मूळ शॉटची यादी आणि निवेदनाची संहिता हाताशी होती, म्हणूनच इंपीरियल वॉर म्युझियमला ते 2014 मध्ये पुरे करता आले.