भोंगा आणि माझा तास



हडपसरला गाडीतळामागं आमचा अभ्यासवर्ग भरतो. परवा तिथं कॉलेजातल्या एका पोरानं गोष्ट सांगितली. एक शोधक असतो. त्याला कळतं, ठरावीक आवाज काढला की काळ वाकतो. तासाचं मिनिट होतं, मिनिटाचा तास. पोरं डोळे फाडून ऐकत होती. मी रात्रपाळी करून आलेलो. म्हटलं, गड्या, हा शोध जुना हाय. शोधकाचं नाव मालक, अन् यंत्राचं नाव भोंगा.

सगळे हसले. मला मात्र घरी येऊन झोप लागंना.

शास्त्राच्या हिशेबानं आवाजानं काळ वाकत नाही. आवाज म्हंजे हवेची थरथर. काळाची चाल बदलते ती वजनदार वस्तूजवळ, हे आइन्स्टाइननं मांडलं. डोंगरावरचं घड्याळ पायथ्याच्या घड्याळापेक्षा कणभर पुढं धावतं. मी दहावी नापास, हे रद्दीतल्या पुस्तकात वाचलं. वजनापाशी काळ हळू चालतो, हे हमालाला सांगायला नको.

पण माणसाचा काळ आवाजानं वाकवता येतो, याला पुरावा आहे. १ जानेवारी १९०६ ला सरकारनं साऱ्या देशाला एक वेळ लावली. ती मुंबईच्या वेळेपेक्षा ३९ मिनिटं पुढं होती. म्हंजे सूर्य तिथंच, कोंबडा तिथंच, अन् भोंगा ३९ मिनिटं आधी. त्याच महिन्यात जेकब ससून गिरणीच्या कामगारांनी काम टाकलं, घड्याळावर दगड मारले. त्यांना कोणी अडाणी म्हणेल. मी नाही म्हणणार. आपल्या झोपेतली ३९ मिनिटं कुठं गेली, हे त्यांना बरोबर दिसलं होतं.

आपल्या माणसांचा काळ तर भोंग्याच्या आधीपासून दुसऱ्याच्या हातात. पेशवाईत दुपारी तीननंतर अन् सकाळी नऊच्या आत आपल्याला पुण्याच्या वेशीत मज्जाव होता, अशी नोंद आहे. कारण काय, तर त्या वेळी सावली लांब पडते. दिवसाचे सहा तास काय ते आपले. अन् गावात वतनदार महाराला ते सहाही नव्हते. पाटलाची हाक आली की उठायचं, मग रात्र असो की घरात मयत. त्या हाकेला सुरुवात होती, शेवट नव्हता. बाबासाहेबांनी १९२८ साली मुंबईच्या कौन्सिलात वतनाविरुद्ध बिल आणलं ते यासाठीच. कायद्यानं ते वतन जायला १९५८ उजाडलं.

म्हणून मी भोंग्याला नुसत्या शिव्या देत नाही. भोंगा सुटीचाही होतो. पण सुटीचा भोंगा मालकानं दिलेला नाही. जोतीरावांचे सोबती नारायण मेघाजी लोखंडे यांनी १८८४ पासून झगडून १८९० साली रविवार मिळवला. आठवड्याचे ४८ तास १९४६ साली कायद्यात आले, ते बिल मजूरमंत्री असताना बाबासाहेबांनी आणलेलं. सुरुवातीचा भोंगा त्यांचा, शेवटचा आपला. एवढी वाटणी व्हायला दोन पिढ्या गेल्या.

अन् वाटणीतही वाटणी होतीच. मुंबईच्या गिरण्यांत साचाखात्यात, जिथं पगार जादा, तिथं आपल्याला घेत नव्हते. धोट्यातला धागा तोंडानं ओढायचा, तो विटाळतो म्हणून. धागा विटाळतो, त्याचं कापड नाही विटाळत!

आता माझं. मी रिंग खात्यात आहे. तिथं बोललेलं ऐकू येत नाही, आम्ही हातानं बोलतो. घड्याळ बघायचं नाही असं मी ठरवलंय, बाबीन मोजतो. बाबीन भरली, काढली, परत रिकामी चढवली. कविता त्याच ठेक्यावर सुचतात आणि बाहेर आलं की निम्म्या विसरतात. घरी आई म्हणते, ओरडतोस का? मी ओरडत नसतो.

२०२५ च्या सप्टेंबरात राज्याच्या मंत्रिमंडळानं कारखान्यातली दिवसाची मर्यादा नऊवरून बारा तासांवर न्यायला मान्यता दिली. जादा कामाला दुप्पट पैसे, आणि कामगाराची लेखी संमती हवी. संमती! प्रश्न इथं आहे, आणि तो अभ्यासवर्गातल्या गोष्टीत नव्हता. पाटलाच्या हाकेला कुणी संमती मागितली नव्हती, म्हणून ती गुलामी होती हे सोपं आहे. पण माझ्यापुढं कागद आहे, पेन आहे, अन् बहिणीची नर्सिंगची फी थकलीय. मी 'हो' लिहिलं तर तो माझा निर्णय की फीचा? कोणी म्हणेल, तास तुझा, तू विक. पण ज्या तासासाठी दुसऱ्यांनी मार खाल्ला, तो सगळा माझा आहे का? मी विकला की शेजारच्या बदलीवाल्याला नाही म्हणणं अवघड होतं. त्याचा तास मी वाकवला, अन् मला तर भोंगाही लागला नाही.

आमच्या गिरणीत तो कागद आला. खाली छापलेलं, 'स्वखुशीने'. त्या शब्दावर पेन जरा थांबलं. मुकादम मागून म्हणाला, आटप, भोंगा व्हायला आला.

मी सही केली. आता अभ्यासवर्ग फक्त रविवारी घ्यावा लागेल. पोरांना अजून सांगितलेलं नाही.