'प्रेरित' भूकंप आणि निमित्ताचा दोष

न्यायालयात काही वर्षे घालवलेल्या माणसाला एक गोष्ट हळूहळू कळून चुकते. दाव्याचा निकाल पुष्कळदा नामावर लागत नाही, विशेषणावर लागतो. भिंत पडली याविषयी वादी-प्रतिवादींचे एकमतच असते. ती भिंत 'भक्कम' होती की 'जीर्ण' होती, एवढ्यावर मात्र तारखांमागून तारखा पडत राहतात. भूगर्भशास्त्रात असेच एक विशेषण आहे. त्याने गेल्या साठ वर्षांत शास्त्रज्ञांना, सरकारांना आणि अलीकडे न्यायाधीशांनाही बरेच छळले आहे. धरणाच्या जलाशयामुळे, खाणींमुळे किंवा जमिनीत पाणी दाबल्यामुळे जे भूकंप होतात त्यांस मराठीत आपण 'प्रेरित भूकंप' म्हणतो. शब्द दिसावयास निरुपद्रवी आहे. तो कवीच्या प्रतिभेलाही लागतो आणि भक्ताच्या अंतःकरणालाही. पण ज्या घरातील माणसे ढिगाऱ्याखाली गेली त्या घराने या शब्दाचा अर्थ काय घ्यावा, हा प्रश्न आम्हांस बरेच दिवस सतावीत आहे.

आपल्याकडे हा प्रश्न उभा राहिला तो कोयनेच्या खोऱ्यात. १९६१-६२ पासून कोयना धरणाच्या शिवसागर जलाशयात पाणी साठू लागले, आणि थोड्याच काळात आसपासच्या गावांना बारीकसारीक हादरे जाणवू लागले. ११ डिसेंबर १९६७ रोजी पहाटे सव्वाचारनंतर मोठा धक्का बसला. त्याची तीव्रता आता ६.३ धरतात. दीड-दोनशे माणसे मेली, जखमींची संख्या कितीतरी अधिक, आणि कोयनानगर जवळजवळ भुईसपाट झाले. धरणाला तडे गेले, पण धरण उभे राहिले. आमचा जन्म त्यानंतरचा; परंतु आमच्या घरातील वडीलधारी मंडळी सांगत की, त्या पहाटे इकडे बेळगावातही फळीवरची भांडी वाजली आणि लोक अंगावरच्या पांघरुणानिशी रस्त्यावर येऊन उभे राहिले. दख्खनचे पठार हा 'स्थिर' भूभाग आहे असे तोवर समजले जात असे. तेही एक विशेषणच, आणि त्यानेही पुष्कळांना निर्धास्त झोपविले होते.

जलाशयाच्या पाण्याने भूकंप व्हावा तरी कसा? पाण्याच्या ओझ्याने जमीन खचली, असे सामान्य माणूस समजतो. ओझ्याचा काही परिणाम होतो, नाही असे नाही. पण मुख्य करामत ओझ्याची नव्हे, मुरण्याची आहे. खोल खडकांतील जुन्या भेगेच्या दोन्ही बाजूंवर युगानुयुगे ताण साचलेला असतो आणि केवळ घर्षणामुळे त्या बाजू एकमेकींना धरून असतात. पाणी फटींतून झिरपत खाली गेले, किंवा वरच्या पाण्याचा दाब फटींतील पाण्यातून खाली पोहोचला, की तो दाब त्या दोन बाजूंना किंचित अलग करू पाहतो. पकड सैल होते आणि भेग सरकते. आता प्रमाण पाहावे. शंभर मीटर खोल पाण्याचा दाब सुमारे दहा वातावरणांइतका. तर सात किलोमीटर खोलीवर नुसत्या वरच्या खडकांचा भार अठराशे वातावरणांच्या घरात. म्हणजे भूकंपात जी शक्ती बाहेर पडली ती जलाशयाची नव्हेच. ती पृथ्वीने स्वतः साठविलेली होती. जलाशयाने फक्त बंदुकीचा चाप ओढला, आणि तोही करंगळीने.

येथूनच विशेषणाचा घोटाळा सुरू होतो. इंग्रजीत दोन शब्द आहेत : 'इंड्यूस्ड' आणि 'ट्रिगर्ड'. पहिल्याचा अर्थ माणसाच्या कृतीने घडवून आणलेला. दुसऱ्याचा, माणसाच्या कृतीने चाप ओढला गेलेला. कित्येक वर्षे दोन्ही शब्द एकाच अर्थाने वापरले जात. १९९७ साली मॅकगार आणि सिम्प्सन या दोन शास्त्रज्ञांनी त्यांत भेद करावा असे सुचविले. खडकातील ताणाच्या बदलाचा बहुतेक भाग मानवी कृतीमुळे आला असेल तर तो 'इंड्यूस्ड'. मानवी कृतीचा वाटा अल्प आणि साठलेला ताण निसर्गाचा असेल तर तो 'ट्रिगर्ड'. त्यामुळेच कोयनेविषयी लिहिणारे अनेक शास्त्रज्ञ आता दुसरा शब्द पसंत करतात. शास्त्राच्या दृष्टीने हा भेद योग्यच आहे, त्याविषयी आमची तक्रार नाही. आमची तक्रार अशी की, शास्त्राच्या वहीतून हा शब्द कचेरीच्या फायलीत गेला म्हणजे त्याचा अर्थ गुपचूप बदलतो. 'वाटा अल्प' हे शक्तीविषयीचे विधान असते. कचेरीत ते दोषाविषयीचे विधान होऊन बसते.

कारणाचे वाटे कसे करावे, यावर आपल्या नैयायिकांनी जितका विचार केला तितका क्वचितच कोणी केला असेल. घट घडतो तेव्हा माती हे समवायी कारण. कुंभार, चाक, दंड ही निमित्तकारणे. आणि माती वाहून आणणारे कुंभाराचे गाढव? ते अन्यथासिद्ध, म्हणजे कारणांच्या पंक्तीत त्याला पान नाही, कारण गाढवावाचूनही घट होतात. एखादा हुशार सरकारी वकील म्हणेल की, जलाशय हे कोयनेचे गाढवच आहे. जलाशयावाचूनही जगात भूकंप होतातच की! युक्तिवाद वरवर बिनतोड आहे. पण भूकंप ही जात आणि ११ डिसेंबरच्या पहाटेचा तो भूकंप ही व्यक्ती, यांतील अंतर तो गिळून टाकतो. जलाशयावाचून भूकंप होतात, हे खरे. तो भूकंप, त्या पहाटे, त्या झोपलेल्या माणसांवर झाला असता का, हा प्रश्न निराळा.

कोणी म्हणेल, कावळा बसायला आणि फांदी मोडायला एकच गाठ पडली. एकदा पडली तर जरूर तसे म्हणावे. पण पावसाळा सरून जलाशय भरला की त्यानंतरच्या महिन्यांत हादरे वाढतात, हे कोयनेत वर्षानुवर्षे दिसले. १९८५ पासून जवळच वारणेचा जलाशय भरू लागला, आणि पुढे हादऱ्यांचे क्षेत्र तिकडेही पसरले. चीनमधील सिनफेंगच्यांग १९६२ साली, आफ्रिकेतील करिबा १९६३ साली, ग्रीसमधील क्रेमास्ता १९६६ साली अशा मोठ्या जलाशयांपाशी सहा आणि त्याहून अधिक तीव्रतेचे धक्के बसले होते. इतक्या रानांत इतक्या फांद्या कावळा बसताच मोडू लागल्या, म्हणजे न्यायाधीशाने कावळ्याला निदान साक्षीला तरी बोलवावे.

कायद्याला हा प्रश्न नवा नाही. भारतीय दंड संहितेच्या २९९ व्या कलमाला एक स्पष्टीकरण जोडलेले होते, आणि १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या न्याय संहितेच्या १०० व्या कलमातही ते आहे. आधीच व्याधीने किंवा दुर्बलतेने ग्रासलेल्या माणसाला इजा करून जो त्याचा मृत्यू लवकर आणतो, त्याने तो मृत्यू घडवून आणला असेच समजले जाईल, असा त्याचा आशय आहे. तो तसाही मरणारच होता, ही सबब चालत नाही. तसे पाहिले तर मरणार आपण सारेच आहोत. जी चोरीला जाते ती वेळ. कोयनेखालची ती भेग कदाचित आणखी हजार वर्षांनी सरकली असती. भूशास्त्राच्या हिशेबात हजार वर्षे म्हणजे काहीच नाही. पण त्या पहाटे जी बाई चुलीपाशी उठून बसली असेल तिच्या हिशेबात ती हजार वर्षे म्हणजे तिचे सारे आयुष्य होते.

तरीही ही उपमा फार ताणू नये. दंडाचे कलम हेतूवर किंवा निदान जाणिवेवर उभे असते, आणि धरण बांधणाऱ्यांच्या मनात वीज आणि सिंचन यांवाचून दुसरे काही नव्हते. तेव्हा जवळची जागा दिवाणी कायद्यात शोधावी लागते, आणि योगायोग असा की तेथील सर्वांत गाजलेला दाखला जलाशयाचाच आहे. लँकेशायरमधील रायलंड्स नावाच्या गिरणीवाल्याने जलाशय बांधविला; त्याचे पाणी जमिनीतील जुन्या, विसरलेल्या खाणींच्या वाटांतून शेजारच्या फ्लेचरच्या कोळशाच्या खाणीत शिरले. जुन्या वाटा रायलंड्सने खणल्या नव्हत्या, त्याला त्या ठाऊकही नव्हत्या. तरी १८६८ साली इंग्लंडच्या उमरावांच्या सभेने त्याला जबाबदार धरले. जमिनीचा हा 'अनैसर्गिक' उपयोग आहे, असे लॉर्ड केर्न्स म्हणाले. पुन्हा विशेषणच! सहाच वर्षांनी, १८७४ मध्ये, मद्रास इलाख्यातील एका जमीनदाराचे तलाव फुटून रेल्वेचे नुकसान झाले, तेव्हा प्रिव्ही कौन्सिलने उलट निर्णय दिला. या देशात तलाव हे शेतीचे प्राण आहेत, ते राखणे जमीनदाराचे कर्तव्यच आहे, म्हणून हयगय सिद्ध झाल्यावाचून तो जबाबदार नाही. दोन्ही निकाल आपापल्या जागी शहाणपणाचे आहेत, आणि त्यांच्या मध्ये कोयनेचे धरण उभे आहे. ते लोकांच्या हिताचे आहे यात शंका नाही. त्या विजेवर गिरण्या चालल्या, शहरे उजळली. पण तलावाचा लाभ त्याच्या खालच्या शेतकऱ्याला मिळत होता. कोयनेची वीज दूरच्या शहरांत गेली आणि हादरे डोंगरातल्या वाड्यांच्या वाट्याला आले. लाभ एकाला आणि जोखीम दुसऱ्याला, अशी वाटणी असते तेव्हा 'लोकहित' हे उत्तर अपुरे पडते, असे आम्हांस वाटते. १९८६ च्या डिसेंबरात आपल्या सर्वोच्च न्यायालयाने मेहतांच्या प्रकरणात धोकादायक उद्योगांपुरती संपूर्ण जबाबदारी सांगितली ती याच जाणिवेतून.

येथे आम्हांस स्वतःचे एक प्रकरण सांगितले पाहिजे. वकिलीच्या आरंभीच्या वर्षांत एका गृहस्थाचे काम आमच्याकडे आले. त्याने नव्या घराच्या पायासाठी हद्दीलगत खोल चर खणला होता, आणि चार दिवसांनी शेजारच्या म्हातारीची जांभ्या दगडाची भिंत कोसळली. चिरे झिजलेले, दरजांतील माती निघालेली. ती भिंत पुढच्या नाही तर त्याच्या पुढच्या पावसाळ्यात पडलीच असती. आम्ही कैफियतीत 'जीर्ण' हा शब्द घातला, उलटतपासणीत तो म्हातारीच्याच तोंडून वदवून घेतला, आणि दावा जिंकला. बाहेर आल्यावर ती एवढेच म्हणाली, "वकीलसाहेब, भिंत जुनी होती म्हणून तर चर जरा लांब खणायचा." आम्ही त्या वेळी हसलो असू. आज इतक्या वर्षांनंतर मान्य करतो की, उजळणी तिनेच बरोबर केली होती. शेजाऱ्याची दुर्बलता ही आपली सबब होऊ शकत नाही. ती ठाऊक असेल तर उलट आपली काळजी वाढली पाहिजे.

धरणांच्या बाबतीत हे 'ठाऊक असणे' हाच खरा कळीचा मुद्दा आहे. १९६७ पूर्वी ज्यांनी कोयनेचा आराखडा केला त्यांना आम्ही दोषी धरणार नाही. अमेरिकेत मीड सरोवरापाशी १९३० नंतरच्या दशकात असे हादरे नोंदले गेले होते खरे, पण त्यावरून सह्याद्रीत काय होईल हे कोणी सांगू शकला नसता. १९६७ नंतर ती सोय उरली नाही. कोयनेच्या पोटात काय चालले आहे हे पाहण्यासाठी आता तेथे तीन किलोमीटर खोल विवर खणून झाले आहे. काळ्या पाषाणाचा थर संपून खालचा ग्रॅनाइट लागतो तो हजार-बाराशे मीटरांवर, हेही कळले आहे. जसजसे ज्ञान वाढते तसतसा 'प्रेरित' हा शब्द जड होत जातो. तोच शब्द १९६७ साली क्षमेचा होता; आज तो नोटिशीसारखा आहे.

परदेशांत ही नोटीस बजावलीही गेली आहे. दक्षिण कोरियात पोहांग येथे नोव्हेंबर २०१७ मध्ये भूकंप झाला. जमिनीच्या उष्णतेपासून वीज काढण्याच्या प्रकल्पाने तेथे खोल खडकांत पाणी दाबले होते. मार्च २०१९ मध्ये शासनाने नेमलेल्या तज्ज्ञांनी अहवाल दिला आणि 'ट्रिगर्ड' हा शब्द तोलून वापरला : पाण्याने भेग जागी केली, पण पुढे ती पाणी पोहोचले त्याहूनही पलीकडे आपल्याच साठलेल्या ताणाने फाटत गेली. वाचकांच्या ध्यानात येईल की, येथे शब्दाने कोणाला सोडविले नाही. उलट थोड्याशा पाण्याने केवढे संकट ओढवू शकते ते सांगितले. हॉलंडने आणखी पुढचे पाऊल टाकले. ग्रोनिंगन प्रांतात नैसर्गिक वायू उपसल्याने जमीन हलू लागली आणि घरांना तडे गेले. प्रत्येक तड्याचे मूळ घरमालकाने सिद्ध करावे हे अशक्यच होते. २०१६ च्या अखेरीस तेथील कायद्याने पुराव्याचा भार फिरविला. तडा तशा प्रकारचा असेल तर तो वायूच्या उपशानेच गेला असे गृहीत धरावे, आणि नसेल तर उपसणाऱ्याने ते सिद्ध करावे. आम्हांस हा मार्ग न्यायाचा वाटतो. ज्याच्याजवळ भूकंपमापक यंत्रे, नकाशे आणि शास्त्रज्ञ आहेत त्याने बोलावे. ज्याच्याजवळ केवळ तडा आहे त्याला का बोलवावे?

राहता राहिला मराठी शब्दाचा प्रश्न. 'जलाशयजन्य' म्हटले तर जलाशय हीच भूकंपाची जननी ठरते, आणि ते शास्त्राला धरून नाही. 'प्रेरित' या शब्दात करणारा धूसर होतो आणि वर एक उदात्त सुगंध दरवळतो. 'निमित्तमात्र' म्हणावे तर त्यातील 'मात्र' आधीच निर्दोष सोडून मोकळा होतो. आमच्या मनात एक साधा घरगुती शब्द येतो : 'चाळवलेला'. झोप चाळवते, भूक चाळवते, जुने दुखणे चाळवते. दुखणे आधीपासून होते हे त्या शब्दात येतेच. पण ते निजलेले होते आणि कशाने तरी जागे झाले, हेही त्यातच येते. 'पाण्याने चाळवलेला भूकंप' असे म्हटले की ऐकणाऱ्याच्या ओठांवर पुढचा प्रश्न आपोआप येतो : आणि ते पाणी कोणी साठविले? परिभाषा घडविणाऱ्या विद्वानांना हा शब्द रांगडा वाटेल याची आम्हांस कल्पना आहे. ज्या बाईचा दावा आम्ही हरविला तिला तो लगेच कळला असता.